सात पावलांवरची कुऱ्हाड

माझ्या प्रबंधातला सगळ्यात महत्त्वाचा दगड मी जवळजवळ वर्षभर सात पावलांवरून अभ्यासला. हे ऐकून लोक हसतात. हसोत बापडे. तेव्हा माझा जीव टांगणीला लागला होता.

गोष्ट चौऱ्याहत्तर-पंचाहत्तरची. मोठा दुष्काळ नुकताच सरला होता. मी सोलापूरच्या एका चादरीच्या दुकानदाराची मुलगी. घरात कानडी, दुकानात मराठी, अशा घरातली. शिकत होते मात्र परगावी, आणि तेही पुरातत्त्व. त्या गावाचं आणि विभागाचं नाव सांगत नाही, कारण तिथली माणसं भली होती.

माझा विषय होता भीमेच्या खोऱ्यातली दगडी हत्यारं. काम असं की माळावर, ओढ्याच्या काठाने मान खाली घालून चालायचं. गारगोटीचा तुकडा दिसला की उचलून बघायचा. आपोआप फुटलेला दगड कसाही फुटतो. माणसाने फोडलेल्या दगडावर घाव कुठे बसला ते कळतं, तिथे बारीकसा फुगवटा असतो. असा तुकडा धुवायचा, मोजायचा, त्यावर काळ्या शाईने नंबर घालायचा, उजेड डाव्या वरच्या कोपऱ्यातून येतोय असं धरून त्याचं चित्र काढायचं. एवढ्याने भागत नाही. आपण स्वतः तसाच दगड फोडायचा, त्याने लाकूड तासायचं, कातडं खरवडायचं, आणि आपल्या दगडाची धार कशी झिजते ते भिंगाखाली जुन्याशी ताडून पाहायचं. सुट्टीत घरी आले की मी गच्चीवर बसून गारगोट्या फोडायचे. शेजारी माग चालवणारं घर होतं. तिथली सासू आपल्या सुनेला तेलुगूत काहीतरी सांगायची आणि दोघी माझ्याकडे कळवळून बघायच्या. दोन वर्षांपूर्वी अख्खा जिल्हा पोटासाठी खडी फोडत होता. आता घरात खायला असताना ही का फोडते, हे त्यांना कळत नव्हतं. माझ्या वडिलांना, अप्पांनाही, कळत नव्हतं.

अप्पांनी शेवटी अट घातली. ‘पुढच्या दिवाळीपर्यंत प्रबंध झाला तर झाला. नाही झाला तर गुलबर्ग्याचं स्थळ.’ गुलबर्ग्याच्या मुलाचं सरकीचं दुकान होतं आणि तो स्वभावाने चांगला होता असं सगळे सांगत. मला त्याचा राग नव्हता. पण सरकीच्या पोत्यांमध्ये बसून मला जन्म काढायचा नव्हता.

प्रबंध अडला होता तो एका कुऱ्हाडीवर. कर्नाटकात दगडाच्या घासून गुळगुळीत केलेल्या कुऱ्हाडी भरपूर सापडतात. त्या वापरणारे लोक भीमा ओलांडून आमच्या बाजूला आले होते का, हा माझा प्रश्न. माझ्याकडे गारगोटीची बारीक पाती डबे भरभरून होती. कुऱ्हाड एकही नव्हती. कुऱ्हाड नसेल तर ‘आले की नाही, सांगता येत नाही’ एवढंच मला लिहिता आलं असतं, आणि त्या वाक्यावर कुणी कुणाला पदवी देत नाही.

त्या वर्षी आमचे मार्गदर्शक सर माझं काम बघायला आले होते. करकंबच्या पुढे एका गावाबाहेर माळावर लिंबाखाली देव होता. गावकरी त्याला नुसतं ‘माळावरचा’ म्हणत. दगडी चौथऱ्यावर वीतभराहून थोड्या कमी उंचीचा शेंदराचा गोळा, एका टोकावर उभा केलेला. सर पाणी प्यायला सावलीत थांबले. त्या गोळ्याच्या मागच्या अंगाला शेंदराचा टवका उडाला होता आणि आतला काळा दगड चकाकत होता. सरांनी वाकून त्यावरून बोट फिरवलं. मग खिशातून भिंग काढलं. मग ते चौथऱ्यापुढे सरळ गुडघ्यांवर बसले. गुरव लांबून बघत होता. त्याला वाटलं, साहेब लई भाविक आहेत.

‘घासलेला आहे,’ सर मला हाका मारत म्हणाले. ‘वरच्या अंगाला निमुळता. आणि दगड इकडचा नाही, दक्षिणेकडचा. मुली, ही कुऱ्हाड आहे!’

मी धावत निघाले. गुरवमामांनी दोन्ही हात आडवे पसरून मला वाटेतच अडवलं.

‘बाई, थांबा तितंच. बायामानसांनी सात पावलं लांब ऱ्हायाचं. ह्यो देव बायांचा हात लावून घेत न्हाय.’

सरांनी समजूत घातली. मामा ऐकेनात. मी हुज्जत घातली. मामा आणखीच ऐकेनात. म्हणाले, बायांनी हात लावला तर पाऊस जातो. दुष्काळ नुकताच होऊन गेलेला, त्यामुळे यापुढे बोलायची सोय राहिली नाही. सरांना दुसऱ्या दिवशी परत जायचं होतं. जाताना म्हणाले, ‘मोजमापं, रेघांची दिशा, चित्र, सगळं पाहिजे. बघ काय करतेस ते.’

म्हणजे सगळ्या जिल्ह्यात तो दगड मोजायला शिकलेलं माणूस एकच होतं, मी, आणि मलाच तिथे जायची बंदी. माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मामा मात्र खुशीत होते. आपल्या देवासाठी कुणीतरी सोलापूरहून एसटीने येतंय, याचंच त्यांना अप्रूप.

शेवटी मी मामांनाच शिकवायचं ठरवलं. सातव्या पावलावर त्यांनी चुन्याची रेघ ओढून दिली. रेघेच्या अलीकडे मी, पलीकडे ते. कॅलिपर, म्हणजे दगडाची जाडी चिमटीत धरून मोजायचं अवजार, मी त्यांच्याकडे फेकायचे नाही, रेघेवर ठेवायचे. ते उचलून डोक्याला लावायचे, देवाला नमस्कार करायचे आणि देवाला चिमटीत धरायचे.

‘लांबी सांगा मामा.’

‘साडेचौदा शेंटीमीटर आनि वर दोन बारक्या काड्या.’

‘नीट बघा, दोन की तीन?’

‘बाई, देवापुडं खोटं बोलतोय व्हय मी?’

पंधरा दिवसांत मामा तयार झाले. महिन्याभरात ते मला शिकवू लागले. भिंग डोळ्याला लावून, टवका उडालेल्या जागी नाक टेकवून ते रेघा वाचायचे. ‘आडव्या हायत. समद्या आडव्या. उभी येक बी न्हाय. आनि हितं बारीक खड्डं हायत, टोचा मारल्यावानी.’ मी सगळं लिहून घ्यायचे. कुऱ्हाड करताना आधी दगड ठोकून आकार देतात, त्याने असे खड्डे पडतात, मग घासतात. खड्डे बसले. घासलेपण बसलं. आडव्या रेघा तेवढ्या बसत नव्हत्या. कुऱ्हाड लाकडात शिरते तेव्हा रेघा धारेकडून वर, उभ्या जायला पाहिजेत. मी वहीत लिहिलं, ‘घडवताना आडवी घासली असावी.’ ‘असावी’ या शब्दावर माझी दिवाळी टांगलेली होती.

चित्राचं काय करावं ते कळेना. मामांना चित्र काढता येत नव्हतं, त्यांनी काढलेल्या देवाला डोळे आणि मिशा आल्या. म्हणून मी विभागातून जमिनीचा उंचसखलपणा मोजायची दुर्बीण मागवली, तिपाईवर बसवायची. ती रेघेच्या अलीकडे लावली आणि देवावर रोखली. त्या जुन्या दुर्बिणीतून सगळं उलटं दिसतं. मी उलटा देव बघत होते आणि कागदावर सुलटा काढत होते. तेवढ्यात गावातली दहा-बारा माणसं जमली. एकाने विचारून आत डोळा लावला आणि ओरडला, ‘आरं, देव उलटा झालाय की!’ मग रांग लागली. उलटा देव बघायला शेजारच्या वाडीतून गाडी भरून लोक आले. मामांना आधी राग आला. मग त्यांनी स्वतः पाहिलं. संध्याकाळी म्हणाले, ‘देवाला समदं उलटंच दिसत आसंल. म्हनून तर आपलं ह्ये आसं हाय.’

एकदा भर दुपारी माळावर कुणी नव्हतं. मामा लिंबाच्या मुळीवर डोकं ठेवून माझ्याकडे पाठ करून झोपले होते. सात पावलं, दोन मिनिटांचं काम. मी पाचव्या पावलापर्यंत गेले. देवाची भीती नव्हती. पण मामा पाठ करून झोपले होते ते मी इथे आहे म्हणूनच, चोर आला तर बाई बघतील म्हणून. मी परत फिरले आणि स्वतःवर इतकी चिडले की तिथल्या दोन गारगोट्या उगाच फोडल्या.

आता खरा घोटाळा सुरू झाला. पहिल्या महिन्यात देव साडेचौदा सेंटिमीटर होता. तिसऱ्या महिन्यात पंधरा भरला. मला वाटलं, मामा चुकले. पुन्हा मोजायला लावलं. पंधरा. मी डोक्याला हात लावला. दर शनिवारी देवाला तेलात कालवलेला शेंदूर लावत, त्याचे थर चढत होते, हे उघड होतं. मी तसं मामांना समजावून सांगितलं. त्यांनी मान डोलावली आणि त्यातलं त्यांना पाहिजे तेवढंच घेतलं.

पुढच्या खेपेला गेले तर माळावर नारळाच्या करवंट्यांचा ढीग. देव वाढतोय, हे पंचक्रोशीत पसरलं होतं. आणि कुणी आपलं तोंडी सांगत नव्हतं, सरकारी मोजपट्टीने सिद्ध झालं होतं. पुरावा म्हणून मामा माझं नाव सांगत. वाढत्या देवाला जो तो शेंदूर वाहू लागला. जितका शेंदूर तितका देव वाढायचा, आणि तो वाढला की आणखी लोक यायचे. नातेपुत्यापासून माणसं आली. सहाव्या महिन्यात देव अठरा सेंटिमीटरांवर गेला आणि माझी सगळी मोजमापं मातीला मिळाली. मी सरांना पत्र लिहिलं, ‘कुऱ्हाड वाढत आहे.’ सरांचं उत्तर आलं, ‘विश्रांती घ्या.’

पावसाळा सरता सरता मामांचं पोस्टकार्ड आलं. कुणाकडून तरी लिहून घेतलेलं. ‘देवाने कवच टाकले. बुधवारी नदीला नेणार. ताबडतोब येणे. चिमटा आणणे.’

इतका शेंदूर सोसला नाही आणि त्याचा सगळा थर एका रात्रीत अख्खा निखळून पडला होता. असं झालं की ते कवच वाजतगाजत नदीवर नेऊन सोडायचं, ही रीत. मी पोहोचले तेव्हा कवच पालखीत ठेवलं होतं, हलगी वाजत होती. चौथऱ्यावर एका कापडाखाली दगड. मामा माझ्याजवळ आले आणि हळू आवाजात म्हणाले, ‘बाई, मी लई इचार केला. देव आता त्या कवचात हाय. त्येला नदीवर सोडून, पानी घिऊन मी माघारी येनार, त्या पान्यानं देव पुन्ना हितं बसनार. तवर ह्यो निस्ता दगड. निस्त्या दगडाला तुमी हात लावला तर कोन काय म्हनंल? नदी दीड कोस हाय. मी सावकाश येतो.’

हा तोडगा त्यांनी माझ्यासाठी काढला होता. रात्र रात्र जागून काढला असणार. मला भरून आलं. मिरवणूक लांब गेली, माळावर मी आणि गुरवीणबाई दोघीच उरलो. चौथऱ्याकडे लक्ष ठेवायला मामांनी बायकोला बसवलं होतं. लग्नाला चाळीस वर्षं झालेली, रोज देवाचा नैवेद्य रांधणारी ती बाईही कधी सात पावलांच्या आत गेली नव्हती. आम्ही दोघींनी एकदमच रेघ ओलांडली.

मी कापड काढलं, दगड उचलला आणि मांडी घालून बसले. पिशवीतून कॅलिपर काढायचा होता, भिंग काढायचं होतं. पण दगड हातात आला आणि माझे दोन्ही तळवे त्याच्या दोन टोकांवर आपोआप बसले. अंगठे जिथे टेकले तिथे त्यांच्यापुरती झीज होती. मनगटं पुढे झाली, मागे आली. लहानपणापासून रविवारी सकाळी स्वयंपाकघरात जे केलं होतं तेच हात करू लागले.

तो वरवंटा होता. दोन-तीन पिढ्यांनी वापरून वापरून एका बाजूने झिजलेला, म्हणून एक टोक पातळ, धार काढल्यासारखं. रेघा आडव्या, कारण वरवंटा आडवाच फिरतो. खड्डे टाकीचे, गुळगुळीत झाला की टाकी लावून घ्यावा लागतो तेव्हाचे. दगड दक्षिणेकडचा, कारण पाटे-वरवंटे विकणारे पाथरवट तिकडूनच येतात. मामांनी वर्षभर मला खरं तेच सांगितलं होतं. एक एक पुरावा बरोबर होता. फक्त तो वाचणाऱ्या सरांनी जन्मात कधी चटणी वाटली नव्हती, आणि मला हात लावू दिला नव्हता.

गुरवीणबाईंनी माझ्या हातांकडे बघितलं. मग दगड माझ्या मांडीवरून उचलला, तोलला, स्वतःही हवेत दोनदा वाटून पाहिलं.

‘आगं बया,’ ती म्हणाली. ‘ह्येच्यानं कुनीतरी लई चटनी वाटलीया.’

आम्ही दोघी हसायला लागलो. हसता हसता मला रडू आलं, कारण दिवाळी दीड महिन्यावर होती. तिला वाटलं, मी पापाला भिऊन रडते. तिने पदराने आधी माझे डोळे पुसले, मग दगड पुसला आणि जसा होता तसा ठेवला. ‘ह्यांना नगा सांगू,’ ती म्हणाली. ‘समदा जनम त्येच्यापाशी गेलाय त्यांचा. बाईमानसाचा वरवंटा पुजत बसलो म्हनून मरतील.’

मामा तांब्या घेऊन परत आले. लांबूनच ओरडले, ‘काय निगालं, बाई?’

‘जुना आहे, मामा,’ मी म्हणाले. ‘फार वापरलेला.’

‘मी म्हनलं नव्हतं?’ असं म्हणत मामांनी त्याच्यावर पाणी ओतलं, आणि मी सात पावलं मागे आले.

सरांशी मात्र खोटं बोलणं शक्य नव्हतं. नुसतं तोंडाने सांगितलं तर ते मानणार नाहीत हेही माहीत होतं. ते म्हणाले असते, ‘पुरावा?’ म्हणून मी घरी गेले आणि आईचा, म्हणजे अव्वाचा, वरवंटा मागितला. तो तिला माहेराहून, अक्कलकोटच्या पलीकडून मिळालेला. तिची आई त्याने वाटायची, त्याआधी आजी. तोही एका बाजूने असाच झिजलेला. अव्वाने ‘कशाला?’ म्हणून विचारलंही नाही, एवढंच म्हणाली, ‘चार दिवसांत आण.’ मी तो दुकानातल्या चादरीत गुंडाळला आणि घेऊन गेले.

बेत साधा होता. दगड काही न सांगता सरांपुढे ठेवायचा. त्यांनी तो तपासला की सांगायचं, हा आमच्या स्वयंपाकघरातला, आता माळावरच्या दगडाची टिपणं याच्याशी ताडून पाहा. पण सर घाईचे. त्यांनी चादर उलगडली आणि त्यांचा चेहरा उजळला. भिंग घेतलं, सूक्ष्मदर्शक घेतला. अर्धा तास त्यांनी दगडावरून डोळा काढला नाही.

‘दुसरी!’ सर म्हणाले. ‘कुठे सापडली?’

‘सोलापुरात, सर. पण...’

‘पण नाही आणि बिण नाही.’ त्यांनी घंटा वाजवून कारकुनाला बोलावलं. कारकुनाने जाड नोंदवही उघडली, तिच्यात लिहिलं, आणि ब्रश घेऊन दगडावर पांढऱ्या रंगाचा पट्टा ओढून वर काळ्या शाईने नंबर घातला. हे सगळं मी ‘सर, ऐका तर’ म्हणेपर्यंत झालं. कारकुनाचा हात फार सफाईचा होता.

मग मी सांगितलं. सर आधी हसले. मग मी जमिनीवर बसून, चादरीचाच पाटा करून, वाटून दाखवलं. तेव्हा ते हसायचे थांबले. बराच वेळ त्यांनी आपला चष्मा पुसला. ‘माझी आई पण...’ एवढं बोलून त्यांनी ते वाक्य सोडून दिलं. माणूस प्रामाणिक होता. म्हणाले, ‘कुऱ्हाडीचं प्रकरण काढून टाक. झिजलेला वरवंटा आणि कुऱ्हाड यांत फरक कसा करायचा यावर नवं लिही. ते आजवर कुणी लिहिलेलं मी वाचलं नाही. वर्ष लागेल.’

‘आणि हा वरवंटा?’

सरांनी कारकुनाकडे बघितलं. कारकुनाने नोंदवहीकडे. वहीत खाडाखोड चालत नाही, तो म्हणाला. नोंदलेली वस्तू बाहेर काढायची तर समिती बसवावी लागते, आणि समितीपुढे ‘ही वस्तू का बाहेर काढायची’ याचं कारण द्यावं लागतं. ‘चटणी वाटायची आहे’ हे कारण त्या छापील अर्जात बसत नव्हतं. मी तरीही अर्ज केला. समिती बसली नाही.

मी रिकाम्या हाताने आणि वर्षभराची मुदत मागत घरी आले. अप्पांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, ‘मी गुलबर्ग्याला पत्र टाकतो.’ मलाही दुसरं काही सुचत नव्हतं.

बोलली ती अव्वा. घरात ती अप्पांसमोर फारसं बोलत नसे. ती स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी राहिली आणि कानडीत म्हणाली, ‘माझा वरवंटा गेलाय त्यात. माझ्या आईचा. आता ही अर्ध्यावर सोडणार असेल तर आधी तो परत आणून द्या, मग पत्र टाका.’ अप्पांनी आम्हा दोघींकडे आळीपाळीने बघितलं. वरवंटा आणणं त्यांच्या हातात नव्हतं. पत्र राहिलं.

ते वर्ष मी नुसती वाटत होते. नव्या वरवंट्याने ओली चटणी, सुकी चटणी, मसाला, दर हजार हातांनंतर दगड धुऊन भिंगाखाली. शेजारची सासू आता खूश होती, मुलगी मार्गाला लागली म्हणून. अव्वा प्रत्येक चटणी चाखून मीठ कमी आहे की जास्त ते सांगायची, आणि मी तेही लिहून ठेवायचे.

प्रबंध झाला. तोंडी परीक्षेच्या दिवशी अव्वा माझ्याबरोबर आली. आयुष्यात पहिल्यांदाच ती एवढ्या लांब आली होती. परीक्षा तासभर चालली, बाहेरून आलेले परीक्षक चांगलं बोलले, सरांनी सगळ्यांदेखत ‘डॉक्टर’ म्हणून हाक मारली. मी बाहेर पळत आले तर अव्वा बाकावर नव्हती. ती बोळाच्या टोकाला एका काचेच्या कपाटापुढे उभी होती. आत लाल मखमलीवर तिचा वरवंटा. वर छोटा दिवा. पांढऱ्या पट्ट्यावर काळा नंबर. खाली पाटी, ‘घासलेली दगडी कुऱ्हाड, सोलापूर जिल्हा’. पाटी बदलायलाही समितीच लागत होती.

अव्वाने काचेवर हात ठेवला होता, बरोबर वरवंट्याच्या समोर. शिपाई स्टुलावरून उठला आणि म्हणाला, ‘बाई, हात लावू नका.’

मला संताप आला. एवढं सगळं केलं ते या एका वाक्यासाठी? मी त्याच्या अंगावर जाणार एवढ्यात अव्वाने हात मागे घेतला. दोन पावलं मागे सरकली. मग वाकून तिने पायातल्या चपला काढल्या, भिंतीशी नीट लावून ठेवल्या आणि कपाटाला हात जोडले.

‘अव्वा, काय करतेस?’ मी म्हणाले. ‘आपला वरवंटा आहे तो.’

‘होता,’ अव्वा म्हणाली. मग माझ्या पायांकडे बघून म्हणाली, ‘चप्पल काढ.’

मी काढली.